पूर्ततेची शक्यता

निविदा उघडायच्या दिवशी हरलेल्यानं जिंकलेल्याशी हात मिळवायचा, सगळ्यांनी मिळून निविदा काढणाऱ्या मंडळाचा पाणचट चहा प्यायचा आणि बाहेर पडल्या पडल्या वकिलाला फोन लावायचा, ही ठेकेदारांची जुनी रीत. प्रणिता गावंडेनं हात मिळवला नाही आणि चहाही घेतला नाही. ती समोरच्या पडद्याकडे बघत नुसती बसून राहिली.

पडद्यावर तिच्या 'गावंडे डायलिसिस सेवा' या नावापुढे सगळं हिरवं होतं. दर सगळ्यांत कमी. यंत्रं चांगल्या स्थितीत. रुग्णांच्या तक्रारी जवळजवळ नाहीतच. फक्त शेवटचा रकाना लाल होता. पूर्ततेची शक्यता : अपुरी.

"म्हणजे आपण काम पुरं करणार नाही म्हणते काय हे?" शेजारी बसलेला तिचा धाकटा भाऊ धीरज म्हणाला. "पोपटाचं डोकं फिरलं ना ताई."

यंत्रणेचं सरकारी नाव 'पूर्वदर्शी' असं भारदस्त होतं. ठेकेदार तिला पोपट म्हणत, चौकात चिठ्ठी काढून भविष्य सांगणाऱ्या पोपटावरून. ती आली तेव्हा मात्र कुणाला हसू आलं नव्हतं, कारण तिची गरज सगळ्यांनाच पटली होती. पूर्वी ज्याचा दर कमी त्याला काम मिळे, मग तो अर्ध्यात काम टाकून पसार होई, आणि रस्ते उखडलेले, दवाखाने कुलूपबंद असे पडून राहत. म्हणून राज्यानं आजवरची सगळी सरकारी कंत्राटं एका संगणकाला वाचायला दिली. कोणती पुरी झाली, कोणती मोडली आणि मोडण्याआधी काय काय घडत होतं, हे त्यानं शिकून घेतलं. आता निविदा आली की ही यंत्रणा त्या कंत्राटाची पुढची पाच वर्षं आपल्या पोटात हजारो वेळा जगून बघते. कधी पूर येतो, कधी यंत्र बिघडतं, कधी माणसं सोडून जातात. जितक्या वेळा काम शेवटाला पोचतं, तितकी पूर्ततेची शक्यता.

मोठ्या कंपनीत एक माणूस गेला तर दुसरा येतो. छोट्या संस्थेत मात्र एकदोघांवरच सगळा डोलारा उभा असतो, हे पोपटानं हेरलं होतं. त्यामुळे छोट्यांनी निविदा भरताना मागच्या काही वर्षांचं आपसातलं सगळं बोलणं त्याच्या हवाली करायचं असे : फोन, निरोप, बैठकांतले आवाज. नाही म्हणायची सोय होती. फक्त मग निविदा भरायची सोय नव्हती.

सरकारी डायलिसिस केंद्रं पुढची पाच वर्षं चालवण्याचं काम मिळालं होतं 'नेफ्रोसेतू' नावाच्या एका बड्या कंपनीला. तिच्या योजनेत वरखेडचं केंद्रच नव्हतं. तिथले रुग्ण जिल्ह्याच्या गावी आणले जाणार होते.

वरखेड खारपाणपट्ट्यातलं. विहिरी खारट, बोअर खारट आणि माणसांची मूत्रपिंडं वेळेआधी थकलेली. धीरज कॉलेजात असताना त्यांच्या आईला डायलिसिससाठी आठवड्यातून तीनदा जिल्ह्याला न्यावं लागे, आणि ती गेली ती शेवटी बसमध्येच, प्रणिताच्या खांद्यावर मान टाकून. पुढं धीरज यंत्रं दुरुस्त करायला शिकला, प्रणितानं परवानग्यांसाठी चपला झिजवल्या, आणि वरखेडच्या उपजिल्हा रुग्णालयात दोघांनी मिळून केंद्र उभं केलं. धीरजनं मयूरीशी लग्न केलं, प्रणितानं केलं नाही. करायचं नाही असं तिनं कधी ठरवलं नव्हतं. ते राहून गेलं, एवढंच.

केंद्रात बातमी आधीच पोचली होती. बांगड्या विकणाऱ्या गुंफाबाई तायडे खुर्चीत आडव्या पडून, हाताला नळ्या लावलेल्या अवस्थेत, तिची वाटच बघत होत्या.

"मॅडम, तीन घंटे जायले, तीन घंटे यायले, मधात मशीन. मंग बांगड्या कवा विकायच्या अन् जगाचं कवा?"

"कुठी नाही जाच लागत तुम्हाले," प्रणिता म्हणाली. "आम्ही केस करून राहिलो."

निकाल आणि करार यांच्यामध्ये कायद्यानं थोडे दिवस मोकळे ठेवलेले असतात, हरलेल्याला दाद मागता यावी म्हणून. त्या मुदतीत दोघं नागपूरला अ‍ॅडव्होकेट उमरेडकरांकडे गेली. उमरेडकरांचा सगळा जन्म निविदांच्या भांडणांत गेला होता. माणूस गमत्या, पण कायदा सांगू लागला की डोळे मिटून घेई.

"एक ध्यानात घ्या. सार्वजनिक खरेदी लवाद निर्णय चूक का बरोबर हे पाहत नाही. निर्णय घ्यायची रीत नीट होती का, तेवढंच पाहते. चांगला ठेकेदार हरला म्हणून तिथं कोणाच्या डोळ्याले पाणी येत नाही. आपण म्हणू, कारण न देता नाकारलं. हे चालते. कारण दिलंच पाह्यजे."

"आम्हाला कारणाशी काय करायचं?" प्रणिता म्हणाली. "आमचं केंद्र चालू राहू द्या, बस."

"हो ना. पण त्याचा रस्ता कारणावरूनच जाते, ताई."

लवादाच्या अध्यक्षा पाटणकरबाई शांत, नेमकं बोलणाऱ्या होत्या. पहिल्याच सुनावणीत त्यांनी कराराला स्थगिती दिली, आणि मग मंडळाच्या तरुण वकील मुलीला कारण विचारलं. ती मुलगी चुळबुळली.

"माननीय अध्यक्ष, कारण व्यक्तिगत स्वरूपाचं आहे. अर्जदारांच्याच हिताचा विचार करून ते बंद लिफाफ्यात सादर करण्याची परवानगी असावी."

बंद लिफाफा हे शब्द कानावर पडले की जुन्या वकिलाला बसवत नाही. सरकारनं आजवर किती पापं त्या लिफाफ्यांत दडवली, हे उमरेडकरांनी जन्मभर पाहिलं होतं. अशिलाकडे वळून विचारावं, हे त्यांच्या ध्यानातही आलं नाही. ते ताडकन उठले.

"आमची सक्त हरकत आहे! जे सांगायचं ते उघड लवादात सांगा. आमच्या अशिलांना लपवण्यासारखं काही नाही."

"अर्जदारांची तशी इच्छा असेल तर," अध्यक्षा म्हणाल्या, "सांगा."

मुलीनं एकवार प्रणिताकडे पाहिलं. ती नजर प्रणिताला पुढं कित्येक दिवस विसरता आली नाही, कारण तिच्यात कीव होती.

"पूर्वदर्शीनं चालवलेल्या बहुसंख्य शक्यतांमध्ये भागीदार धीरज गावंडे हे दुसरं वर्ष संपण्याच्या आत संस्था सोडून जातात. त्यानंतर केंद्र काही महिन्यांत बंद पडतं. आधार असा की भागीदारांनी एकमेकांना उत्तर द्यायला घेतलेला वेळ वाढत गेला आहे, आधी मिळून घेतलेले निर्णय आता एकानं घेऊन दुसऱ्याला मागाहून कळवले जातात, आणि बैठकांत धीरज यांचा आवाज मालक असलेल्या माणसापेक्षा नोकरी करणाऱ्या माणसासारखा होत गेला आहे. मोडलेल्या भागीदाऱ्यांत हा क्रम वारंवार आढळतो."

दालनात कुणीतरी खोकलं. धीरजच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. लहानपणी वर्गात मार खाल्ल्यावर व्हायच्या तशा.

"हे भाकीत खोटं आहे, हे तुम्ही कसं सिद्ध करणार?" अध्यक्षांनी विचारलं.

"पाच वर्षं थांबून, बाई," उमरेडकर म्हणाले. मागं हशा पिकला. अध्यक्षाही किंचित हसल्या.

"तेवढी स्थगिती मला देता येणार नाही. अंतिम सुनावणीपर्यंत केंद्र चालू राहील. त्याआधी परिस्थितीत काही बदल झाला, तर यंत्रणा पुन्हा चालवण्याचा अर्ज करा."

परतीच्या वाटेवर धीरज गाडी चालवत होता. अमरावती मागं पडेपर्यंत तो पोपटाला शिव्या देत होता, नकला करत होता. प्रणिताही हसली. मग तो गप्प झाला, आणि ती त्याची गप्प बसण्याची वेळ मोजतेय हे तिच्याच लक्षात आलं.

"धीरज."

"हं."

"तुह्या मनात असं काही होतं का रे?"

समोरून ट्रक येत होता, त्याला वाट द्यायची होती. ट्रक गेल्यावर तो म्हणाला, "मयूरी म्हणते कधी कधी. पुण्याले तिच्या भावाच्या ओळखीनं काम हाय. मी हाव हाव म्हणतो अन् सोडून देतो. माणसाच्या मनात काय काय येते ताई. तुह्या नाही येत?"

तिच्याही मनात येई. सगळं सोडून कुठंतरी समुद्रकाठी खोली घेऊन राहावं, असं तिला अधूनमधून वाटे. पण ते तिनं कधी कुणाला सांगितलं नव्हतं, आणि आताही सांगितलं नाही. सांगायला हवं होतं. तिला भावाचा राग आला, आणि राग आल्याची लाज वाटली.

त्यानंतरचे दिवस विचित्र गेले. धीरज तिच्या प्रत्येक निरोपाला तिथल्या तिथं उत्तर देऊ लागला. पाण्याचा फिल्टर कोणता मागवायचा इथपासून झाडूवालीची सुट्टी मंजूर करायची का इथपर्यंत तो सगळं तिला विचारू लागला. तीही त्याला विचारू लागली. दोघं एकमेकांशी पाहुण्यासारखी वागत होती. पूर्वी तो तिच्या डब्यातली भाजी न विचारता खायचा. आता "घेऊ का?" म्हणायचा. त्याचं 'घेऊ का' ऐकलं की ती डबाच त्याच्यापुढं सरकवून देई.

एकदा तो यंत्रामागं पालथा पडून काहीतरी दुरुस्त करत असताना त्याचा फोन टेबलावर वाजला. पडद्यावर पुण्याचा नंबर होता. प्रणिता फोनकडे बघत राहिली. मान वर केली तर यंत्रामागून धीरज तिच्याकडे बघत होता.

"मयूरीच्या भावाचा असन," तो म्हणाला. "त्याच्या पोराचं बारसं हाय."

"मी कुठं काय विचारलं?"

"नाही विचारलं तू. म्हणूनच सांगतो."

बारसं खरंच होतं. तो गेला, दोन दिवसांत परत आला, येताना तिच्यासाठी साडी आणली. साडी सुंदर होती. एवढी महागाची साडी यानं आताच का आणली, या विचारानं तिनं ती घडी न मोडता कपाटात ठेवून दिली.

लवादात जे उघड सांगितलं गेलं ते वरखेडमध्ये लपून राहणं शक्य नव्हतं. धीरजभाऊ चालले म्हणे, असं आधी रुग्ण बोलू लागले, मग कर्मचारी. एका तंत्रज्ञानं दुसरीकडे नोकरी धरली. धीरजनं त्याला समजावलं, शपथा घातल्या. तो पोरगा खाली मान घालून म्हणाला, "तुम्ही नाही जाणार हो भाऊ, पण मले घर हाय ना." त्याच संध्याकाळी धीरजनं प्रणिताला न विचारता नव्या माणसासाठी जाहिरात दिली आणि मागाहून कळवलं. पोपटानं सांगितलं होतं तसंच हे झालं, हे दोघांनाही एकदमच उमगलं.

अंतिम सुनावणी जवळ आली तसं उमरेडकरांनी प्रणिताला एकटीला बोलावलं. ते या वेळी गमतीत नव्हते.

"त्या लिफाफ्यापायी मी चूक केली, ताई. सवयीनं उठलो. तुमची माफी मागतो." त्यांनी डोळे मिटले. "आता जसं आहे तसंच यंत्रणेपुढं गेलो तर आकडा अजून खाली येईल. मधल्या काळातलं तुमचं बोलणं ती वाचणारच, अन् हे असं जपून जपून बोलणं मोडणाऱ्या भागीदारांतच दिसते. रस्ता एकच दिसते मला. ज्याच्या जाण्याची भीती आहे, तो आधीच गेला तर? धीरजचं नाव भागीदारीतून काढा. दोन पगारी इंजिनियर ठेवा. मग कोणी सोडून जायचा प्रश्नच राहत नाही."

"तो माझा भाऊ आहे, साहेब."

"मला माहीत आहे. कागदोपत्रीच म्हणतो मी."

दोन दिवस ती नेहमीसारखी केंद्रात पाळ्या लावत राहिली. तिसऱ्या दिवशी गुंफाबाईंनी जाताना तिच्या हातात हिरव्या काचेच्या बांगड्या ठेवल्या. "जिल्ह्याले जाच लागलं त मी नाही जात मॅडम," त्या म्हणाल्या. "घरीच राहीन. मंग जितके दिवस भेटन तितके." हे त्यांनी रडत सांगितलं असतं तर प्रणिताला सोसलं असतं. त्या भाव सांगावा तशा सांगून गेल्या.

पाण्याच्या टाक्यांजवळ धीरज मीटर तपासत होता. तिनं त्याला उमरेडकरांचं म्हणणं सांगितलं. सगळं ऐकून घेतल्यावर त्यानं हात पुसले.

"म्हणजे मी जात नाही हे दाखवायले तू मले जा म्हणतं?"

"कागदोपत्री रे."

"उमरेडकर म्हणते का तू म्हणतं?"

तिनं उत्तर द्यायला वेळ घेतला. तेवढा वेळ त्याला पुरला.

"आण," तो म्हणाला. "कुठी सही करायची सांग."

कागद न वाचताच त्यानं सही केली. तिला वाटत होतं, तो भांडेल. 'आईच्या नावानं उभं केलं ते माझंही आहे' असं म्हणून कागद फाडेल, आणि मग ती रडेल, आणि सगळं पहिल्यासारखं होईल. तो भांडला नाही.

पोपटानं पुन्हा पाच वर्षं हजारो वेळा जगून बघितली. शेवटचा रकाना हिरवा झाला.

अंतिम सुनावणीत मंडळाच्या वकील मुलीनं एकच मुद्दा मांडला : हे वेगळं होणं देखाव्याचं असेल तर मूळ धोका जागेवरच आहे. अध्यक्षांना ते पटलं. निकाल गावंडे डायलिसिस सेवेच्या बाजूनं लागला, वरखेडचं केंद्र राहिलं, पण सोबत एक अट आली. कंत्राट चालू असेतो यंत्रणा प्रणिता आणि धीरज या दोघांचं बोलणं वाचत राहील. संस्थेच्या कामात धीरजचा संबंध उरलेला दिसला, तर जुना धोका पुन्हा धरला जाईल आणि करार आपोआप रद्द होईल. निकालात आणखी एक वाक्य होतं. भागीदार वेगळे होतील हे यंत्रणेचं भाकीत प्रत्यक्षात खरं ठरलं असल्यानं तिच्या विश्वासार्हतेबद्दल लवादाला शंका उरलेली नाही. पुढं जो कुणी छोटा ठेकेदार पोपटाविरुद्ध दाद मागायला येई, त्याच्या तोंडावर हेच वाक्य वाचून दाखवलं जाई.

"पण घरचं तर बोलू शकतो ना आम्ही?" लवादाच्या पायऱ्यांवर प्रणितानं विचारलं.

"कायद्यानं मनाई नाही," उमरेडकर म्हणाले. "पण घरचं कोणतं अन् कामाचं कोणतं, हे ती यंत्रणा कशी ओळखणार? तुमच्या दोघांत ते कधी वेगळं होतं काय?"

त्यांनी पेढे आणले होते. डबा कुणी उघडला नाही.

धीरज केंद्रात येईनासा झाला. येणार तरी कसा? सुरुवातीला नवे इंजिनियर अडले की प्रणिताचा हात फोनकडे जाई आणि अर्ध्यातूनच मागं येई. वरखेडमध्ये त्याच्या हाताला दुसरं काम नव्हतं. वर्ष-दीड वर्ष तो शेजारच्या गावी पंप दुरुस्त करत फिरला. त्या काळात केंद्रात एकही पाळी चुकली नाही. गुंफाबाई नव्या इंजिनियरला बांगड्या दाखवून बायकोसाठी घेऊन जा म्हणत. सगळं सुरळीत होतं, आणि प्रणिताला ते सुरळीतपण बघवत नसे.

दुसरं वर्ष सरत आलं असताना केंद्रातल्या बाईकडून तिला कळलं की धीरजभाऊंच्या दारात टेम्पो उभा आहे. फोन टेबलावर ठेवून ती चालतच निघाली. पोपटाला कान होते ते फोनमध्ये. रस्त्यात नव्हते.

मयूरी भांडी पोत्यांत भरत होती. ताईंना बघून तिनं डोक्यावरचा पदर सारखा केला आणि आत निघून गेली. धीरज टेम्पोत चढून कपाटाला दोर बांधत होता. त्याच्या कानावरचे केस पिकले होते. हे कधी झालं ते तिला कळलंच नव्हतं.

"पुण्याले?" तिनं विचारलं.

"हाव. नोकरी हाय तथी. मशीन दुरुस्तीचीच."

"कोणाकडे?"

"नेफ्रोसेतूकडे." त्यानं गाठ आवळली. "दुसरं कोणी घेत नाही ताई. भागीदारी सोडून गेलेला म्हणून नोंद हाय माही."

ती टेम्पोच्या फाळक्याला हात लावून उभी राहिली. जे विचारायचं होतं ते तिनं लवादाच्या दालनापासून मनात वागवलं होतं. तेव्हा ते विचारायला भीती वाटत होती, आता भ्यायला काही राहिलंच नव्हतं.

"खरं सांग धीरज. केस केलीच नसती, कोणी काही सांगितलंच नसतं, तर गेला असता का रे तू?"

त्यानं हातातला दोर खाली ठेवला. तो खरोखर विचार करत होता. तिच्या ओळखीचा होता तो चेहरा. यंत्राचा बिघाड सापडत नसला की तो असाच तोंड किंचित उघडं ठेवून बघत राही.

"लय वेळा विचार केला," तो म्हणाला. "आधी वाटे, मी कायले जातो, मरेपर्यंत इथीच राहिलो असतो. मंग वाटे, नाही, गेलोच असतो. आता मलेच समजत नाही ताई. तो जो आधीचा मी होतो ना, त्याच्या मनात काय होतं, हे आता मले आठवतच नाही."

त्यानं खोटं तरी बोलायला हवं होतं. नसतो गेलो, एवढं म्हटलं असतं तर तिनं ते जन्मभर खरं मानलं असतं, आणि कुठल्याही लवादाला ते खोडता आलं नसतं. पण तिचा भाऊ आईसमोरही कधी खोटं बोलला नव्हता.

तिनं हात लांबवून त्याच्या पायाजवळचा दोर उचलला आणि त्याच्या हातात दिला. त्यानं तो बांधला, खाली उतरला, आणि वाकून तिच्या पाया पडला. मग टेम्पो गेला.

रात्री उशिरा केंद्रातली शेवटची पाळी संपली. गुंफाबाई घरी गेल्या. प्रणितानं टेबलावरचा फोन उचलला आणि धीरजचं नाव काढलं. 'पोचला का रे?' एवढंच विचारायचं होतं. गावंडेंच्या घरातून कुणीही बाहेरगावी गेलं की एवढं विचारल्याशिवाय आईनं कधी घास तोंडात घातला नव्हता. तिनं ते लिहिलं. तो काय उत्तर देईल आणि किती वेळानं देईल, आणि त्या वेळाचा पोपट काय अर्थ लावील, याचा विचार करत ती लिहिलेल्याकडे बघत राहिली. मग तिनं ते पुसून टाकलं, आणि उद्याच्या रुग्णांसाठी यंत्रं धुवायला लावली.